बटरमिल्क बिस्किटं आणि न मळायचं पीठ

बटरमिल्क बिस्किटं करायची ठरली की मी सगळ्यात आधी बटर फ्रीझरमध्ये टाकते, बाकीचं सगळं नंतर. रात्री आठवलं तर रात्रीच, नाहीतर सकाळी उठल्या उठल्या. या पदार्थात जे काही आहे ना ते दोनच गोष्टींवर आहे, बटर किती थंड आहे आणि आपला हात पिठाला किती कमी लागतोय. आणि रोज कणीक तिंबणाऱ्या बाईला ही दुसरी गोष्ट पहिलीपेक्षा कितीतरी अवघड जाते.

ज्यांनी खाल्ली नसतील त्यांच्यासाठी आधीच सांगते, ही चहात बुडवायची कुरकुरीत बिस्किटं नव्हेत. अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत नाश्त्याला करतात ती, वरून सोनेरी, खालून जराशी खरपूस, आतून एकदम मऊ, आणि हाताने उघडली की पदर सुटतात अशी. यीस्ट नाही, पीठ फुगायला तासन् तास झाकून ठेवायचं नाही, ओव्हन तापेपर्यंत पीठ तयार होतं आणि त्यानंतर पंधरा मिनिटांत खायला सुरुवात. मी टेनेसीत राहते, इथे घराघरात ही होतात आणि घराघरात त्याची पद्धत वेगळी, आणि प्रत्येकाला आपलीच बरोबर वाटते.

मला शिकवली ती आमच्या शेजारच्या आजींनी. त्या काही मोजत नाहीत. त्यांच्याकडे एक मोठा लाकडी वाडगा आहे, त्यात पीठ कायम भरलेलंच असतं, त्या मधोमध खळगा करतात, त्यात लार्ड, म्हणजे डुकराची चरबी, आणि बटरमिल्क घालतात आणि नुसत्या बोटांनी गोल गोल फिरवत जेवढं पीठ ओढलं जाईल तेवढंच ओढतात, कडेचं कोरडं पीठ तसंच राहतं, ते चाळून परत पुढच्या वेळेला. बघताना वाटतं किती सोपं. मी वही घेऊन बसले होते आणि विचारत होते की किती कप, किती चमचे, तर त्या म्हणाल्या, ‘हनी, बस झालं असं वाटायच्या जरा आधी थांबायचं.’ आता हे वहीत कसं लिहायचं! तेव्हा मोजमाप माझं, म्हणजे करून करून जमवलेलं, आणि हाताचं तंत्र त्यांचं.

आधी पीठ, कारण लोक नेमकं तिथेच दुर्लक्ष करतात. मैदा तो मैदा असं इथे चालत नाही. दक्षिणेत पूर्वीपासून जो गहू पिकतो तो मऊ जातीचा, हिवाळी लाल गहू, त्यात प्रोटीन कमी. मधल्या मैदानी राज्यांत कडक जातीचा गहू, त्यात प्रोटीन जास्त, तो पावाला चांगला. प्रोटीन जास्त म्हणजे पाणी लागल्यावर ग्लुटेन जास्त आणि ग्लुटेन जास्त म्हणजे चिवटपणा जास्त. पावाला तो चिवटपणा हवाच असतो, यीस्टचा गॅस तासन् तास धरून ठेवायला, पण बिस्किटाला तो नको असतो. दक्षिणेत बिस्किटं रुजली त्यामागे गव्हाचा हा स्वभाव मोठं कारण आहे, पाव कडक गव्हाचा आणि बिस्कीट मऊ गव्हाचं.

शेजारच्या आजी व्हाइट लिली सोडून दुसऱ्या पिठाला हात लावत नाहीत. १८८३ साली इथल्याच नॉक्सव्हिलमध्ये सुरू झालेला हा ब्रँड, पीठ इतकं हलकं आणि मऊ की हातात घेतलं तर टाल्कम पावडर घेतल्यासारखं वाटतं. नॉक्सव्हिलमधली जुनी गिरणी २००८ मध्ये बंद झाली आणि दळण दुसरीकडे गेलं. आजींसमोर हा विषय काढू नये, अर्धा तास जातो. या पिठात प्रोटीन आठ-नऊ टक्क्यांच्या आसपास असतं, साध्या ऑल-पर्पज मैद्यात साधारण दहा ते बारा. दोन-तीन टक्क्यांनी असा काय फरक पडणार असं वाटतं पण तो हाताला लगेच कळतो, मऊ पीठ पाणी कमी पितं आणि थोडं जास्त हाताळलं गेलं तरी माफ करतं, कडक पीठ अजिबात माफ करत नाही.

मिळत नसेल तर अडून बसायचं कारण नाही. ऑल-पर्पज आणि केक फ्लोअर, म्हणजे केकसाठीचा कमी प्रोटीनचा मैदा, निम्मं-निम्मं घ्यायचं, किंवा प्रत्येक कप मैद्यातून दोन टेबलस्पून मैदा काढून तेवढंच कॉर्नस्टार्च घालायचं आणि दोन-तीनदा चाळायचं, बऱ्यापैकी जमतं. नुसत्या ऑल-पर्पजचीही होतात, फक्त पदर जरा दणकट येतात. काहींना तशीच आवडतात, अंडं-चीज घालून सँडविच करायचं असेल तर उलट तीच बरी, हातात फुटत नाहीत. एक मात्र बघा, पिशवीवर सेल्फ-रायझिंग लिहिलंय का ते. त्यात बेकिंग पावडर आणि मीठ आधीच मिसळलेलं असतं, मग ते वेगळं घालायचं नाही. आणि पीठ वजन करून घ्या हो, प्लीज. कप डब्यात खुपसून भरला की पीठ दाबलं जातं आणि १२० ग्रॅमच्या जागी १४०-१५० सहज भरतं, मग सगळं गणित कोरडं होतं आणि लोक रेसिपीला नावं ठेवतात.

माझं प्रमाण असं: ३०० ग्रॅम पीठ, एक टेबलस्पून बेकिंग पावडर, अर्धा टीस्पून बेकिंग सोडा, एक टीस्पून मीठ, एक टीस्पून साखर, ११३ ग्रॅम बटर म्हणजे अमेरिकेतली एक अख्खी स्टिक, आणि गार बटरमिल्क एक कप, म्हणजे २४० मिली. पण बटरमिल्क सगळं एकदम नाही. व्हाइट लिलीसारखं मऊ पीठ असेल तर १८०-२०० मध्येच भागतं, ऑल-पर्पजला जवळपास सगळं लागतं, पावसाळी दमट हवा असेल तर आणखी कमी. यात आठेक बिस्किटं होतात, वर उरलेल्या पिठाची एक-दोन वेडीवाकडी. साखरेवरून इथे वाद आहे, पुष्कळ जण म्हणतात की साखर घातली की तो केक झाला. मी एक टीस्पून घालते, गोडीसाठी नाही, रंग छान येतो म्हणून, आणि खाताना ती कळत पण नाही.

आता पावडर आणि सोडा दोन्ही कशाला, हा प्रश्न मलाही पडायचा. बटरमिल्क आंबट, त्यात लॅक्टिक अॅसिड, आणि बेकिंग सोडा अल्कली, दोघं भेटले की लगेच कार्बन डायऑक्साइड सुटतो. म्हणजे सोड्याचं काम मिसळल्या क्षणी सुरू होतं आणि लवकर संपतं. अर्धा टीस्पून सोड्याला साधारण एक कप बटरमिल्कचं अॅसिड पुरतं. सोडा त्याहून जास्त झाला तर तो न जिरता मागे राहतो, मग साबणासारखी चव येते आणि रंगही फार काळपट होतो. बेकिंग पावडरमध्ये सोडा आणि कोरडं अॅसिड दोन्ही असतात, डबल-अॅक्टिंग असेल तर थोडा गॅस ओलं झाल्यावर आणि बाकीचा ओव्हनच्या उष्णतेने सुटतो. खरी उंची पावडर देते, सोडा आंबटपणा सावरतो आणि रंग देतो. सगळाच आंबटपणा मारायचा नाही हं, थोडा राहिला पाहिजे, नाहीतर बटरमिल्क घालून उपयोग काय. अॅल्युमिनियम नसलेली पावडर मिळाली तर ती घ्या, दुसरीची काहींना धातूसारखी चव लागते, पण मग रेंगाळू नका कारण तिचा बराचसा गॅस पीठ ओलं झालं की लगेचच सुटायला लागतो. आणि डबा कधी फोडलाय ते आठवत नसेल तर चमचाभर पावडर गरम पाण्यात टाकून बघा, जोरात फसफसली तर ठीक नाहीतर नवीन आणा.

ही पावडर-सोड्याची सोय यायच्या आधी दक्षिणेत ‘बीटन बिस्किटं’ करायचे, म्हणजे अक्षरशः बडवलेली. घट्ट पीठ लाकडाच्या ओंडक्यावर ठेवून लाकडी मोगरीने नाहीतर कुऱ्हाडीच्या दांड्याने अर्धा तास, पाहुणे असतील तर त्याहून जास्त वेळ बडवायचं, त्यात हवा कोंडायची. ती चपटी आणि कडक व्हायची. हे बडवायचं काम मोठ्या घरांमधून गुलाम म्हणून ठेवलेल्या कृष्णवर्णीय स्त्री-पुरुषांच्या वाट्याला यायचं, घरमालकिणीच्या नावावर पाककृती आणि हात दुसऱ्याचे. एकोणिसाव्या शतकात सोडा आणि मग १८५० च्या दशकात रसायनशास्त्रज्ञ एबेन हॉर्सफर्डने अमेरिकेत बेकिंग पावडर आणली, त्यानंतर हळूहळू आजचं मऊ उंच बिस्कीट घडलं. म्हणजे पूर्वी जे पीठ तासभर बडवायचे तेच आता अजिबात छळायचं नाही, हे मला फार गमतीचं वाटतं.

बटरमिल्कबद्दल. इथे दुकानात मिळतं ते लोणी काढून उरलेलं ताक नसतं, कमी फॅटच्या दुधाला विरजण लावून दाट आणि आंबट केलेलं असतं, ओतलं तर धार जाड पडते. घरचं ताक वापरायचं असेल तर पाणी घालायच्या आधीचं, दाट आणि आंबट घ्या. आणि न विरजलेल्या क्रीमचं लोणी काढलं तर खाली जे उरतं ते गोडसर असतं, आंबट नसतंच, त्याने सोडा जागा होणार नाही, बिस्कीट बसकं होईल. दुधात एक टेबलस्पून व्हिनेगर किंवा लिंबू घालून पाच-दहा मिनिटं ठेवायची युक्ती सगळीकडे लिहिलेली असते, ती चालते पण ते पातळ असतं, पीठ चिकट होतं आणि चवीला ती खोली येत नाही. त्यापेक्षा पाऊण कप आंबट दही आणि पाव कप दूध फेटून घेतलेलं कितीतरी चांगलं, केफिर, म्हणजे ताकासारखं आंबवलेलं दूध, ते पण छान. उरलेलं बटरमिल्क फ्रिजमध्ये बरेच दिवस टिकतं, बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवून पण ठेवता येतं, वितळल्यावर फाटल्यासारखं दिसतं पण हलवलं की ठीक.

आणि मग बटर. अमेरिकेत बटरमध्ये कमीत कमी ८० टक्के फॅट असावं लागतं, उरलेल्यातलं बहुतेक पाणी. ते पाणी इथे फार कामाचं आहे. बटरचे तुकडे पिठात तुकडेच राहिले आणि तसेच कडकडीत ओव्हनमध्ये गेले की बटर वितळतं, त्यातल्या पाण्याची वाफ होते, वाफ वरचा पदर उचलते आणि बटर होतं तिथे पोकळी राहते, तोच तो पापुद्रा. तेच बटर ओव्हनच्या आधीच वितळून पिठात मुरलं तर पिठाला मोहन दिल्यासारखं होतं, खुसखुशीत होईल पण उठणार नाही. म्हणून एवढा थंडपणाचा सोस. लार्ड किंवा शॉर्टनिंग, म्हणजे वनस्पती तुपासारखं घट्ट फॅट, हे सगळंच फॅट, त्यात पाणी नाही, आणि ते बटरपेक्षा उशिरा वितळतं, त्याने बिस्कीट फार मऊ होतं पण बटरची चव कुठून येणार. आजी लार्डवाल्या, मी बटरवाली, या बाबतीत आमचं पटत नाही आणि पटवून घ्यायची कुणालाच घाई नाही.

फ्रीझरमधलं कडक बटर मी चीजच्या किसणीवर मोठ्या भोकांच्या बाजूने किसते, कागदानेच धरायचं म्हणजे हाताची ऊब लागत नाही. मधे मधे कीस पिठात झटकून टाकायचा आणि काट्याने वरखाली करायचा, प्रत्येक धाग्याला पीठ लागलं की झालं. पूर्वी मी बोटांच्या टोकांनी चोळून घ्यायचे, तेही चालतं, पण माझे हात गरम आहेत, उन्हाळ्यात तर फारच, त्यापेक्षा किसणी बरी. फूड प्रोसेसरमध्ये दोन-चार झटके देऊनही करतात पण त्यात बटर कधी बारीक होऊन जातं कळत नाही, आणि नंतर तो धुवा. हे झालं की अख्खा वाडगा दहा मिनिटं फ्रीझरमध्ये, तेवढ्यात ओव्हन लावायचा ४५० फॅरनहाइटवर, म्हणजे साधारण २३० सेल्सिअस. हो, एवढा गरम. कमी तापमानावर बटर वितळून आधी बाहेर वाहतं आणि वाफ नंतर होते, मग ट्रेवर तुपाचं तळं आणि त्यात बसकी बिस्किटं. ओव्हन पूर्ण तापू द्या, दिवा विझला तरी आणखी दहा मिनिटं थांबा.

आता वाडगा बाहेर काढून मधे खळगा, त्यात गार बटरमिल्क, आणि लाकडी चमच्याने किंवा काट्याने खालून वर, खालून वर, पंधरा-वीस वेळा, बस. इथे जे दिसतं ते बघून आपल्याला कसंतरीच होतं. ओबडधोबड, कुठे ओलं कुठे कोरडं, गोळा म्हणावा असा गोळा नाही, चमच्याला चिकटलेलं, बटरचे तुकडे डोळ्यांना दिसताहेत. हात शिवशिवतात, वाटतं एकदा तळव्याने दाबून घ्यावं, चार हात मारले की कसा तुकतुकीत गोळा होईल. आणि होईलच, पण त्या तुकतुकीत गोळ्याचीच भीती आहे. पोळीच्या कणकेत जे सुख आहे, मळून मळून ती मऊसूत होते, ते ग्लुटेनचं सुख आहे, तेच इथे घात करतं. आजींचं ते जरा आधी थांबायचं म्हणजे हेच असावं. मी तर चक्क एक हात पाठीमागे धरून एकाच हाताने चमचा फिरवते, हसा खुशाल, पण उपयोग होतो.

मग ओट्यावर पीठ भुरभुरवायचं आणि हा सगळा पसारा त्यावर ओतायचा. वरूनही थोडं पीठ. पिठाळ हातांनी थापत, दाबत नाही, थापत, एक इंच जाडीचा आयत करायचा. पहिल्यांदा तो आयत दिसणारच नाही, कडा तुटतील, कोरडा चुरा निसटेल, निसटू दे. स्क्रेपरने किंवा रुंद सुरीने एक बाजू उचलून मधे आणायची, दुसरी बाजू त्यावर, पत्राची घडी घालतो तशी तीन पदरी. निसटलेला चुरा घडीच्या आत टाकायचा. मग काटकोनात फिरवून परत थापायचं, परत घडी. दुसऱ्या घडीला ते जरा माणसात येतं, तिसऱ्या घडीला बघता बघता गुळगुळीत दिसायला लागतं, आणि हे न मळता झालेलं असतं हे विशेष. हिशेब केला तर एका घडीत तीन पदर, दोनदा नऊ, तीनदा सत्तावीस. याच्या पुढे जाऊ नये, चौथ्या घडीला पीठ उलटून प्रतिकार करायला लागतं, थापलं की मागे आक्रसतं, म्हणजे ग्लुटेन जागं झालं. तसं जाणवलं तर झाकून फ्रिजमध्ये पंधरा मिनिटं विसावू द्यायचं. लाटणं मी वापरत नाही, वापरलंच तर अगदी शेवटी एकदा हलक्या हाताने, वरचा भाग सपाट व्हावा म्हणून.

शेवटची जाडी एक इंच ठेवा, कमी नको. पातळ थापून उंच बिस्किटाची अपेक्षा धरली तर काय होणार. कापायला धारदार कडेचा गोल कटर, अडीच इंचांचा, पिठात बुडवून सरळ खाली दाबायचा आणि सरळ वर उचलायचा. फिरवायचा नाही! ग्लासने कापलं की ग्लासची जाड कड पदर दाबून चिकटवते आणि वर आपण सवयीने तो फिरवतो, मग कडा शिवल्यासारख्या बंद होतात आणि बिस्कीट एका बाजूला कलतं किंवा उठतच नाही. सगळ्यात सोपं म्हणजे सुरीने चौकोन कापणं, आधी चारही कडांची बारीक पट्टी छाटून टाकायची म्हणजे पदर मोकळे होतात, मग सरळ घाव. उरण फार नाही, परत थापाथापी नाही. मी घरच्यापुरती चौकोनीच करते, कुणी येणार असेल तर गोल. गोल कापल्यावर उरलेले तुकडे एकमेकांना चिकटवून कापायचे, गोळा करून मळायचे नाहीत. त्यांची बिस्किटं वाकडीतिकडी होतात, ती मी उभ्या उभ्या खाते, ती काही मोजायची नसतात.

कापलेली बिस्किटं दहा-पंधरा मिनिटं फ्रीझरमध्ये. हे कंटाळवाणं वाटतं, पण एवढ्या हाताळणीत बटर नरमलेलं असतंच, ते परत कडक होतं आणि ओव्हनमध्ये बिस्कीट पसरत नाही.

मी बिडाच्या कढल्यासारख्या जाड पॅनमध्ये भाजते, पॅनला बटर फिरवून. त्याने तळ छान खरपूस होतो. नाहीतर फिकट रंगाच्या ट्रेवर बेकिंग पेपर, काळ्या ट्रेवर तळ लवकर करपतो. आणि एकमेकांना टेकवून ठेवायची. लांब लांब ठेवली तर चारही बाजू कुरकुरीत होतात पण ती आडवी पसरतात, टेकवून ठेवली की बाजूला जायला जागाच नसते मग वरच जातात, आणि बाजू मऊ राहतात. वरून बटरमिल्कचा हात, कडांवरून ओघळू द्यायचा नाही, ओघळला की पदर चिकटतात. काही जण मधोमध अंगठ्याने हलकासा खड्डा करतात म्हणजे डोकं घुमटासारखं न होता सपाट राहतं, मला घुमटच आवडतो.

ओव्हनच्या मधल्या किंवा वरच्या जाळीवर पंधरा मिनिटं, कधी अठरा. पहिली दहा मिनिटं दार उघडायचं नाही. पण काचेतून बघा मात्र, सहा-सात मिनिटांनी एकदम उठायला लागतात, कडांवरचे पापुद्रे पुस्तकाची पानं उघडल्यासारखे वेगळे होताना दिसतात आणि बटर कडांशी चर्र चर्र करत असतं. वरचा रंग गडद सोनेरी होऊ द्या, फिकट काढू नका, फिकट असताना बाहेरून झालेलं वाटतं आणि मधे कच्चट ओलं निघतं. शंका असली तर मधलंच एक उचलून बाजूने बघायचं, पदरांमध्ये चिकट चमक दिसली तर आणखी दोन-तीन मिनिटं. बाहेर काढल्या काढल्या वितळलेलं बटर ब्रशने वरून, भरपूर. या टप्प्यावर कॅलरीचा विचार करणाऱ्याने मुळात स्वयंपाकघरात यायचं नव्हतं.

पाच मिनिटं थांबून हाताने उघडायची, सुरी लावायची नाही, मधोमध आपोआप फट सापडते. बटर आणि मध हे पहिल्या बिस्किटाला. दुसऱ्याला इथे सोर्घमचा पाक लावतात, गोड ज्वारीच्या धाटांचा रस आटवून केलेला, काळपट, किंचित कडवट, काकवीच्या वळणाचा, मला तो मधापेक्षाही आवडतो. आणि मग ती सुप्रसिद्ध पांढरी ग्रेव्ही, सॉसेज परतून सुटलेल्या चरबीत मैदा भाजून दूध घालायचं आणि मिरपूड अशी घालायची की दिसली पाहिजे. आमच्याकडे सॉसेज कुणी खात नाही म्हणून मी मशरूम चांगले लाल परतून बटरमध्ये तशीच ग्रेव्ही करते, आजींनी चाखून बघितली, वाईट नाही म्हणाल्या, आणि दुसऱ्यांदा घेतली. ग्रेव्ही असेल तर बिस्किटात साखर अजिबात नको, तेव्हा मीही घालत नाही.

ही ताजीच खायची. दुपारपर्यंत ठीक, दुसऱ्या दिवशी कोरडी पडतात. गरम करायची तर ३५० फॅरनहाइटला फॉइलमध्ये गुंडाळून आठ-दहा मिनिटं, मायक्रोवेव्हमध्ये नको, आधी मऊ लागतात आणि दोन मिनिटांनी चामडं. खरं तर भाजलेली उरवूच नयेत, कच्ची उरवावीत. मी नेहमी दुप्पट पीठ करते, निम्मी बिस्किटं कापल्यावर ट्रेवर सुटी सुटी गोठवते, कडक झाली की पिशवीत भरते, महिनाभर सहज चालतात. भाजायच्या वेळी वितळवायची नाहीत, गोठलेलीच थेट ओव्हनमध्ये, तीन-चार मिनिटं जास्त लागतात. आणि गंमत म्हणजे बहुतेक वेळा ही ताज्यांपेक्षा उंच होतात, बटर दगडासारखं कडक असतं ना. त्यामुळे आता पाहुणे यायचे असतील तर मी आदल्या आठवड्यातच कापून ठेवते आणि त्या सकाळी फक्त ग्रेव्हीकडे बघते.